मॅकआर्थरची देणगी?

जपानच्या लोकशाहीचा विषय निघाला, की एक ठरलेले विधान हमखास कानी येते. १९४५ च्या ऑगस्टमध्ये जपान शरण आला, जनरल मॅकआर्थर तेथे उतरले, त्यांच्या कचेरीने आठवडाभरात एक राज्यघटना लिहून काढली आणि त्या दिवसापासून जपानी माणूस लोकशाही शिकला! पाश्चात्त्य पंडितांनी मांडलेला हा सिद्धांत आपल्याकडील त्यांच्या शिष्यांनीही घोकून ठेवला आहे. आशियातील माणूस स्वतःच्या बुद्धीने स्वातंत्र्याची मागणी करू शकतो, हे मान्य करणे ज्यांना जड जाते, त्यांना तो सोयीचा वाटला तर नवल नाही. २००३ साली इराकमध्ये सैन्य धाडताना वॉशिंग्टनमधून जपानचाच दाखला देण्यात आला होता. एका देशाच्या इतिहासाविषयीची चूक दुसऱ्या देशाला केवढ्याला पडते, हे जगाने त्यानंतर पाहिले.

या विधानात सत्याचा अंश आहे, तो आधी मान्य केला पाहिजे. १९४६ च्या फेब्रुवारीत घटनेचा मसुदा अमेरिकी अधिकाऱ्यांनीच तयार केला आणि जपानी सरकारला तो स्वीकारावा लागला. ३ मे १९४७ रोजी ती घटना अमलात आली. परंतु त्यानंतर एका शब्दाचीही दुरुस्ती न होता ती आजवर टिकून आहे. परक्याने लादलेली वस्तू इतकी वर्षे कशी टिकते, याचे उत्तर मॅकआर्थरभक्तांकडे नाही. ते शोधायचे तर टोकियोच्या पश्चिमेकडील डोंगराळ भागातील इत्सुकाइची गावी जावे लागते. १९६८ साली तेथील एका जुन्या कोठारात इतिहास संशोधकांना १८८१ च्या सुमाराचा राज्यघटनेचा एक मसुदा सापडला. कलमे २०४! चिबा ताकुसाबुरो नावाच्या शाळाशिक्षकाने गावातील अभ्यासमंडळाच्या चर्चांच्या आधारे तो लिहिला होता आणि त्यात नागरिकांच्या हक्कांना मोठे स्थान होते. इतागाकी ताइसुके आणि त्यांच्या सहकाऱ्यांनी १८७४ साली लोकनियुक्त विधिमंडळाची मागणी करणारा अर्ज सादर केल्यापासून देशभर जी जनाधिकारांची चळवळ उसळली होती, तिचे हे फळ. तो अर्ज सादर झाला, तेव्हा मॅकआर्थर यांचा तर जन्मदेखील व्हायचा होता.

याच चळवळीतील उएकी एमोरी यांनी केलेल्या घटनेच्या मसुद्याचा अभ्यास सुझुकी यासुझो या विद्वानाने केला होता. १९४५ च्या डिसेंबरात सुझुकी व त्यांच्या सहकाऱ्यांनी जो खासगी मसुदा प्रसिद्ध केला, तो अमेरिकी अधिकाऱ्यांनी भाषांतर करवून बारकाईने वाचला होता. म्हणजे ज्याला अमेरिकेची देणगी म्हणतात, त्यात जपानचेच जुने धन काही अंशी परत आले. स्त्रियांच्या मताधिकाराचीही कथा अशीच. इचिकावा फुसाए आणि त्यांच्या सहकारी १९२० च्या दशकापासून त्यासाठी झगडत होत्या. १९३१ साली स्त्रियांना मर्यादित स्थानिक मताधिकार देणारे विधेयक कनिष्ठ सभागृहात संमतही झाले. ते फेटाळले सरदारांच्या वरिष्ठ सभागृहाने. १९४६ च्या एप्रिलमध्ये स्त्रियांनी प्रथम मतदान केले आणि ३९ स्त्रिया निवडून आल्या, त्या काही एका रात्रीत जाग्या झालेल्या नव्हत्या.

मग १९३० च्या दशकात ही लोकशाही कोसळली कशी? हा आक्षेप रास्त आहे. १९३२ साली पंतप्रधान इनुकाई त्सुयोशी यांची नौदलाच्या तरुण अधिकाऱ्यांनी हत्या केली आणि पक्षीय मंत्रिमंडळांचा काळ संपला. १८८९ च्या घटनेनुसार सैन्याची सूत्रे सम्राटाकडे होती, संसदेकडे नव्हती. त्या फटीतून लष्करशाही आत शिरली. पैशाच्या व्यवहारांनी बदनाम झालेल्या पक्षांना वाचविण्यासाठी रस्त्यावर कोणी उतरले नाही, हेही तितकेच खरे.

पण लोकशाही खरोखर परकी असती, तर त्या अंधारात तिच्यासाठी उभे राहणारे कोण होते? २ फेब्रुवारी १९४० रोजी साइतो ताकाओ संसदेत उभे राहिले आणि चीनमधील युद्धाचा हेतू काय, हे ‘पवित्र युद्ध’ आहे तरी कोणाचे, असा जाब त्यांनी सरकारला विचारला. भाषणाचा बराच भाग इतिवृत्तातून कापला गेला आणि पुढच्याच महिन्यात त्यांना सभागृहातून काढून टाकण्यात आले. ठरावाच्या बाजूने २९६, विरुद्ध अवघे ७, तटस्थ १४४. (तटस्थांची ही जात सर्व देशांत आढळते.) १९४२ च्या एप्रिलमध्ये जनरल तोजो यांच्या सरकारने निवडणूक घेतली. पक्ष आधीच विसर्जित झालेले, सरकारी आशीर्वादाच्या उमेदवारांची यादी तयार, आणि यादीबाहेरच्यांच्या मागे पोलिसांचा ससेमिरा. ४६६ पैकी ३८१ जागा यादीने जिंकल्या. उरलेल्या ८५ जणांत साइतो होते. ह्योगोच्या मतदारांनी त्यांना त्यांच्या मतदारसंघात सर्वाधिक मतांनी परत पाठविले होते! १८९० च्या पहिल्या निवडणुकीपासून संसदेत असलेले ओझाकी युकिओ यांच्यावर याच प्रचारातील भाषणासाठी सम्राटाच्या अवमानाचा खटला भरला गेला. वय ऐंशीच्या पुढे. तेही निवडून आले आणि १९४४ साली सर्वोच्च न्यायपीठाने त्यांना निर्दोष ठरविले.

त्याच न्यायपीठाचे न्यायाधीश योशिदा हिसाशी यांनी कागोशिमाला स्वतः जाऊन साक्षी नोंदविल्या आणि सरकारी हस्तक्षेपामुळे तेथील एका मतदारसंघाची १९४२ ची निवडणूक रद्द ठरविली. तारीख होती १ मार्च १९४५. नऊच दिवसांनी टोकियो अग्निवर्षावात जळाले. याउलट १९७२ च्या निवडणुकीत एका मतदारसंघातील मताचे मोल दुसऱ्याच्या जवळपास पाचपट होते. युद्धोत्तर सर्वोच्च न्यायालयाने १९७६ साली ते घटनाबाह्य ठरविले, पण निवडणूक मात्र कायम ठेवली. बॉम्बवर्षावाच्या छायेतील न्यायाधीशाला जे जमले, ते शांततेत बसलेल्यांना जमले नाही.

म्हणून जपानी लोकशाहीचा आजार तिच्या जन्मात शोधू नये. १९५५ साली स्थापन झालेला लिबरल डेमोक्रॅटिक पक्ष नंतरच्या सत्तर वर्षांत जेमतेम चार वर्षे सत्तेबाहेर राहिला. २००६ ते २०१० या काळात आबे, फुकुदा, आसो आणि हातोयामा असे लागोपाठ चार पंतप्रधान झाले आणि चौघेही माजी पंतप्रधानांचे पुत्र वा नातू! घराणेशाही हा शब्द भारतीय वाचकाला समजावून सांगण्याची गरज नाही. निधीसाठी भरविलेल्या समारंभांच्या तिकिटविक्रीतील रकमा हिशेबाबाहेर ठेवल्याचे २०२३ साली उघड झाले आणि ऑक्टोबर २०२४ मध्ये मतदारांनी सत्ताधारी आघाडीचे बहुमत काढून घेतले. एवढ्या संतापातही मतदान झाले ५३.८५ टक्के.

लादलेल्या लोकशाहीविषयी लोक उदासीनच असणार, असे यावर काही पंडित म्हणतात. मग १९५८ साली सुमारे ७७ टक्के मतदान कोणी केले? १९९० पर्यंत ते बहुतेक निवडणुकांत ७० टक्क्यांच्या वर होते. घसरण १९९० च्या दशकातली आहे. पराभवाच्या काळातली नव्हे. सत्तेवर आळीपाळीने येऊ शकेल असा पक्ष विरोधकांना उभा करता आला नाही आणि गावोगावच्या तरुणांनी उमेदवारीकडे पाठ फिरविली. २०२३ च्या वसंतात प्रांतिक विधिमंडळांच्या निवडणुका झाल्या, तेव्हा सुमारे एक चतुर्थांश जागांवर दुसरा उमेदवारच नव्हता. तेथे मतपेटी ठेवण्याची वेळच आली नाही.