शरकत आठवतं, मग कूत का नाही?

28 एप्रिल 1916 रोजी बेळगावात लोकमान्य टिळकांच्या होमरूल लीगची स्थापना झाली. जोसेफ बाप्टिस्टा अध्यक्ष आणि न. चिं. केळकर चिटणीस झाले. दुसऱ्याच दिवशी, तिकडे तैग्रिसच्या काठी कूत-अल-अमारा इथे, ब्रिटिश-हिंदी फौजेनं तुर्कांपुढे शस्त्रं खाली ठेवली. शरण गेलेल्या सुमारे 13 हजारांत 103, 110 आणि 117 या तीन मराठा पलटणींचे शिपाई होते. पहिली घटना बेळगाव अभिमानानं सांगतं. दुसरी लष्करी इतिहासाच्या जाड पुस्तकांबाहेर क्वचितच येते. मात्र ज्यांना आपल्या देशाचा कारभार ठरवता येत नाही त्यांनी मरायचं कुठे हेही दुसराच ठरवतो, ही एकच गोष्ट त्या दोन दिवसांनी दोन ठिकाणी दाखवली. कूत विसरलं तर होमरूलची मागणीही सभेतल्या ठरावापुरती उरते.

पहिल्या महायुद्धातली ही मेसोपोटेमियाची, म्हणजे आजच्या इराकमधली मोहीम सुरू झाली तीच मुळी मोघम हेतूनं. 6 नोव्हेंबर 1914 रोजी हिंदुस्थानातून गेलेलं सैन्य फाव इथे उतरलं. अबादानचा तेलाचा कारखाना आणि आखातातलं वजन सांभाळायचं, एवढंच तेव्हाचं काम होतं. बसरा पंधरवड्यात पडलं आणि तिथेच थांबायला हरकत नव्हती. पण सहज मिळालेला विजय सरदारांना चढतो. कुर्ना, अमारा, कूत असं करत सगळ्यांची नजर बगदादवर गेली. बोटी पुरेशा नव्हत्या, डॉक्टर नव्हते, रसद तुटपुंजी होती, तरी सिमल्यातून हिरवा कंदील मिळाला. नोव्हेंबर 1915 मध्ये टेसिफॉनला चार हजारांवर माणसं मेली किंवा जखमी झाली आणि जनरल टाउनशेंडची फौज मागे फिरून कूतमध्ये अडकली.

त्या जखमींना बसऱ्याला कसं आणलं, याची साक्ष पुढे मेसोपोटेमिया चौकशी आयोगापुढे झाली. मेजिदिया नावाच्या बोटीवर सुमारे सहाशे माणसं उघड्यावर खचाखच भरलेली होती. बोट धक्क्याला येताना तिच्या कडेला दोरखंड लोंबताहेत असं मेजर कार्टर या डॉक्टरला लांबून वाटलं. जवळ आल्यावर कळलं, ती विष्ठा होती. हगवणीनं बेजार झालेल्या जखमींना कडेपर्यंतही सरकता येत नव्हतं. कार्टरनं हे वरिष्ठांना कळवलं, तर त्यालाच अटकेची धमकी मिळाली.

कूतचा वेढा 147 दिवस चालला. धान्य संपत आलं तेव्हा घोडे कापले गेले, पण हिंदी शिपाई ते मांस खाईनात. गावी परतल्यावर जातभाई काय म्हणतील, पोरांची लग्नं कशी जुळतील, ही त्यांची धास्ती होती. हिंदुस्थानातल्या धर्माधिकाऱ्यांची परवानगी तारेनं मागवली गेली, ती आलीही, तरी बहुतेकांनी अगदी शेवटच्या आठवड्यांपर्यंत घास उचलला नाही. टाउनशेंडनं नंतर या हट्टाला बोल लावला. मला त्यात हट्टापेक्षा हिशेब दिसतो: साहेबाची मोहीम आज ना उद्या संपणार, गाव मात्र जन्माचं. शरणागतीनंतर या शिपायांना वाळवंटातून चालवत नेलं, कित्येकांना बगदाद रेल्वेच्या कामाला जुंपलं. त्यातले हजारो परतलेच नाहीत.

यावर पहिला आक्षेप ठरलेला आहे. शिपाई खुशीनं गेले, पगारासाठी आणि घराण्याच्या रिवाजानं गेले, शिवाय टिळकही लष्करभरतीच्या बाजूनं होते, मग तक्रार कशाची? भरतीच्या बाजूनं टिळक होते हे खरं, पण त्यांची अट विसरली जाते. रक्त मागता तर स्वराज्य द्या, हिंदी माणसाला अधिकारपद द्या, असं ते म्हणत होते. 10 जून 1918 रोजी मुंबईच्या युद्धपरिषदेत ते स्वराज्याचं बोलू लागताच गव्हर्नर विलिंग्डननं त्यांना अडवलं आणि टिळक उठून बाहेर पडले. खुशीचं म्हणाल, तर पोटासाठी पत्करलेल्या नोकरीत खुशी किती हे कोरडवाहू शेतकऱ्याच्या घरी विचारावं. आणि शिपायानं पगार घेतला म्हणून डॉक्टर, बोटी न देता त्याला पुढे ढकलणाऱ्याचा दोष कमी होत नाही.

दुसरा आक्षेप भावनेचा आहे आणि तो मला अधिक गंभीर वाटतो. हारीच्या आठवणी उगाळल्यानं पलटणीचा मान कमी होतो, असं काही जण म्हणतील. बेळगावच्या मराठा लाइट इन्फंट्री केंद्रातलं युद्धस्मारक शरकतच्या नावानं ओळखलं जातं. ऑक्टोबर 1918 मध्ये 114 व्या मराठा पलटणीनं मेसोपोटेमियातल्याच शरकतच्या लढाईत शर्थ केली आणि 1922 च्या फेररचनेत तीच पलटण प्रशिक्षणाची पलटण झाली, हे आजच्या केंद्राचं मूळ. त्या शौर्याला कुणी हात लावत नाही. पण कूतमध्ये शिपाई हरले नव्हते, त्यांना तिथे नेणारे हरले होते. मेसोपोटेमिया आयोगाच्या 1917 च्या अहवालानं हिंदुस्थान सरकारवरच ठपका ठेवला आणि भारतमंत्री चेंबरलेन यांना पद सोडावं लागलं. पलटणीचा मान राखायचा तर हे मोठ्यानं सांगायला हवं.

2003 मध्ये अमेरिकेनं त्याच इराकसाठी भारताकडे एक डिव्हिजन फौज मागितली. देशात उघड वाद झाला, लोकसभेनं युद्धाची निंदा करणारा ठराव आधीच केला होता, आणि 14 जुलैला वाजपेयी सरकारनं नकार कळवला. कुणाला तो निर्णय भित्रा वाटला असेल. पण तो इथे झाला, इथल्या लोकांना जाब देणाऱ्यांनी केला. 1914 साली हे शक्यच नव्हतं.

तेव्हाचा हिशेब आजही पुरा झालेला नाही. बसऱ्याच्या स्मारकावर गोऱ्या शिपायांची नावं कोरली गेली, हिंदी अधिकाऱ्यांचीही, पण साध्या हिंदी शिपायांची पलटणवार फक्त संख्या. राष्ट्रकुल युद्धसमाधी आयोगानं 2021 मध्ये अशा भेदभावाबद्दल माफी मागितली. आपल्याकडेही गावोगावच्या संगमरवरी पाट्या तेच सांगतात: या गावातून महायुद्धाला इतके गेले, इतके मेले. बस्स, दोन आकडे. आयोगाच्या नोंदवह्या आता इंटरनेटवर खुल्या आहेत आणि त्यांत अनेक शिपायांच्या नावापुढे बापाचं नाव, गाव, तालुका दिलेला असतो. निपाणी, चिकोडी, खानापूर भागात जिथे अशी पाटी असेल, तिथल्या ग्रामपंचायतीनं त्या नोंदी काढाव्यात आणि आकड्याखाली नावं लिहावीत. खर्च एका फरशीचा आहे.