जयपूरच्या धर्मप्रांताचा वारसा

जयपूरचा कॅथलिक धर्मप्रांत २००५ साली अजमेर-जयपूर धर्मप्रांतातून वेगळा झाला. त्याची मुळे मात्र शतकभराहून जुनी. फ्रेंच कपुचिन मिशनरी राजपुतान्यात स्थिरावतात न स्थिरावतात तोच १८९९-१९०० चा ‘छप्पनिया’ दुष्काळ कोसळला. विक्रम संवत १९५६ च्या त्या वर्षात पोरक्या झालेल्या मुलांना त्यांनी आसरा दिला. १९१३ साली अजमेर धर्मप्रांत झाला, फॉर्च्युनॅट कॉमाँ पहिले बिशप झाले. त्यांनी १९११ सालीच स्थापलेल्या ‘अजमेरच्या मिशन सिस्टर्स’ या धर्मभगिनींच्या संघाच्या सोफिया शाळांत आज सर्व धर्मांच्या मुली शिकतात.

पुढे धुरा भारतीय बिशपांकडे आली. जयपूरचे पहिले बिशप ओसवाल्ड लुईस. २०२३ साली जोसेफ कल्लरक्कल आले. आपला वसई धर्मप्रांतही १९९८ सालचा, तसा तरुणच. पण त्याला शतकानुशतके रुजलेल्या मराठी ख्रिस्ती समाजाचा पाया होता. जयपुरात ख्रिस्ती समाज मूठभर आहे. म्हणूनच तिथल्या नेतृत्वाची कसोटी भाविकांच्या संख्येत नाही. शाळेच्या बाकावर आणि अडचणीच्या काळात कोणाकोणाला जागा मिळाली, हीच खरी कसोटी. अल्पसंख्य समाजाने राजस्थानला दिलेले हे योगदान इतिहासात ठळकपणे नोंदले गेलेच पाहिजे.