सा-शि-सु-से-सो

प्रवाशाला कोणताही देश आपला दिवाणखाना तेवढा दाखवितो. देवळे, राजवाडे, उद्याने, दिव्यांनी झगमगणारे रस्ते हा सारा दिवाणखानाच. माजघराच्या उंबरठ्याच्या आत पाऊल पडते ते क्वचित, आणि पडलेच तर कोणाच्या तरी ओळखीने. २०२४ च्या मे महिन्यात, शाळेची सुट्टी लागताच, आम्ही उभयता चिरंजीवाकडे ओसाकाला गेलो. क्योतो येथील एका घरी तीन तास जपानी स्वयंपाक शिकण्याची सोय त्याने आधीच करून ठेवली होती. तेथील काही गृहिणी परदेशी पाहुण्यांना घरी बोलावून आपला रोजचा स्वयंपाक शिकवितात. सणावाराचा नव्हे, हॉटेलातला नव्हे, रोजचा. आणि मला आकर्षण वाटले ते या ‘रोजचा’ शब्दाचे.

सौ.चे म्हणणे मात्र निराळे होते. “अठ्ठावीस वर्षे ओट्याशी उभी आहे. चार दिवस सुटका मिळाली, तर तिथे जाऊनही कणीकच भिजवायची का?” कणीक भिजवावी लागणार नाही, एवढे आश्वासन देऊन मी तिला क्योतोच्या गाडीत बसविले. इंग्रजी बोलणे तिला जड जाते, म्हणून दुभाष्या या नात्याने मी सोबत. प्रत्यक्षात पहिल्या अर्ध्या तासानंतर माझी कोणाला फारशी गरज उरली नाही.

शिकविणाऱ्या बाई सत्तरीच्या घरातल्या. घर लहान, लाकडी, आरशासारखे स्वच्छ. उंबऱ्याशी पादत्राणे काढून आत जायचे, हात धुवायचे, मगच ओट्याशी उभे राहायचे. सौ.ने माझ्याकडे पाहून मान डोलावली. परीक्षेत पहिल्याच प्रश्नाला जपान उत्तीर्ण झाला होता. त्या दिवशीचे पदार्थ पाच: भात, मिसोचे सार, तीळ लावलेला पालक, लाल भोपळ्याची भाजी आणि लोणचे.

आम्ही शाकाहारी आहोत हे चिरंजीवाने आधी कळविले होते. तरी माझ्या मनात धाकधूक होती. जपानी स्वयंपाकाचा पाया म्हणजे ‘दाशी’, म्हणजे एक पातळ, नितळ अर्क. सारात तो, भाजीत तो, अनेकदा कालवणातही तो. आणि हा दाशी बहुधा कोम्बू नावाची वाळविलेली समुद्रवनस्पती आणि कात्सुओबुशी, म्हणजे धुरावून वाळविलेल्या माशाचा कीस, यांपासून करतात. ताटात मासा दिसत नाही, पण असतो. ‘विचारू नका, जेवा’ असा सल्ला मला एका अनुभवी प्रवाशाने दिला होता. बाईंनी तो प्रश्नच उरू दिला नाही. ओट्यावर दोन काचेची भांडी झाकून ठेवलेली होती. एकात कोम्बूची पट्टी, दुसऱ्यात वाळलेली शिइताके अळिंबी, दोन्ही आदल्या रात्रीपासून थंड पाण्यात भिजत घातलेली. “मासा नाही,” त्या म्हणाल्या, “देवळातल्यासारखा.”

हे देवळातले जेवण म्हणजे ‘शोजिन र्‍योरी’, बौद्ध मठांतील शाकाहारी पाकपद्धती. शोजिन हा शब्द षट्पारमितांपैकी ‘वीर्य’ या पारमितेचा चिनी भाषेतून आलेला अनुवाद आहे. वीर्य म्हणजे येथे सत्कर्मातील अखंड उद्योग. दोगेन या झेन आचार्याने १२३७ साली मठाच्या स्वयंपाक्यासाठी एक स्वतंत्र उपदेशग्रंथ लिहिला. मठातील आचारी हा त्याच्या मते दुय्यम सेवक नसून साधनेत मुरलेला अधिकारी पुरुष असावा. आपल्याकडे इतक्या मोठ्या आचार्याने भांडी घासण्याबद्दल आणि तांदूळ निवडण्याबद्दल इतक्या गंभीरपणे लिहिल्याचे माझ्या वाचनात नाही.

कोम्बूचे पाणी मंद आचेवर ठेवायचे आणि उकळी फुटण्याच्या आत पट्टी काढून घ्यायची. उकळली की पाणी चिकट आणि उग्र होते. मी चमचाभर चाखले. खारट नाही, गोड नाही, तिखट तर नाहीच; पण तोंड भरून राहणारे काहीतरी. १९०८ साली तोक्योच्या विद्यापीठातील किकुनाए इकेदा या रसायनशास्त्रज्ञाने कोम्बूतून हाच पदार्थ, ग्लुटामेट, वेगळा काढला आणि त्या चवीला ‘उमामी’ हे नाव दिले. पुढल्याच वर्षी तो आजिनोमोटो या नावाने बाजारात आला. आपण ज्याला चिनी गाडीवरचा पांढरा भुगा म्हणून नाके मुरडतो, त्याचे माहेर हे असे एका सात्त्विक सारात आहे.

मग भोपळा आला, आणि माझ्यातला भाषेचा मास्तर जागा झाला. मसाला घालण्याचा क्रम सांगताना बाई बोटांवर मोजू लागल्या: “सा, शि, सु, से, सो.” सा म्हणजे सातो, साखर, शि म्हणजे शिओ, मीठ, सु म्हणजे शिरका, से म्हणजे शोयू, सोयाबीनचा आंबविलेला रस, जो पूर्वी ‘से’ने लिहीत, आणि सो हे मिसोतले शेवटचे अक्षर. साखर आत मुरायला वेळ घेते आणि मीठ आधी पडले तर भाजी आवळते, म्हणून साखर पहिली. शिरका, शोयू आणि मिसो यांचा सुगंध आचेने उडतो, म्हणून ते मागाहून. जपानी मुली ही अक्षरे आई-आजीकडून ऐकत आल्या.

परंतु ही अक्षरे आली कोठून? जपानी वर्णमालेचे स्वर पाहा: आ, इ, उ, ए, ओ. ओळी पाहा: अ, क, स, त, न, ह, म, य, र, व. वाचकहो, हा क्रम आपला आहे. बौद्ध भिक्षू मंत्रपठणासाठी सिद्धम् लिपी आणि संस्कृत वर्णविचार शिकत. त्यातूनच अकराव्या शतकाच्या सुमारास जपानी अक्षरांची ही मांडणी झाली. ‘ह’ची ओळ ‘म’च्या आधी का, याचेही उत्तर आहे: प्राचीन जपानीत तो ‘प’ होता. आपल्या मुलाच्या पाटीवरचा वर्णक्रम क्योतोच्या एका आजीबाईंच्या बोटांवर साखर-मीठ मोजत बसला आहे, हे पाहून मला जे वाटले ते मी इंग्रजीत बाईंना सांगण्याचा प्रयत्न केला. त्यांनी नम्रपणे ऐकून घेतले आणि भोपळा करपेल असे सुचविले.

तीळ वाटण्याचे काम सौ.कडे आले. आतून रेघा असलेला मातीचा खल, सुरिबाची, आणि लाकडी बत्ता. तीळ तडतडेपर्यंत भाजणे, अर्धवट कुटणे, तेल सुटण्याच्या आधी थांबणे, हे तिला कोणी शिकविण्याची गरज नव्हती. बाईंनी तिच्या मनगटाकडे एकदा पाहिले आणि सूचना देणे बंद केले. पुढचा संवाद मराठी आणि जपानी या दोन भाषांत झाला. दोघींनाही समजल्याचे दिसत होते. मला एकच वाक्य अनुवादासाठी मिळाले. “अहो, विचारा यांना, फोडणी कधी घालायची?” फोडणी नाही, असे उत्तर आले. सौ. गप्प राहिली. तेलावाचून, मोहरी-हिंगावाचून भाजी पूर्ण होते हे तिला आजही पटलेले नाही, आणि खरे सांगायचे तर मलाही पुरते पटलेले नाही. पण पालकाला पालकाची चव असते हे त्या दिवशी कळले.

सगळे साहित्य आमच्यासाठी तराजूवर ग्रॅममध्ये मोजून ठेवलेले होते. भात शिजत असताना मात्र बाईंनी स्वतःच्या सारासाठी मिसो घेतला तो नुसत्या नजरेच्या अंदाजाने. सौ.ने मला कोपराने ढोसले.

भाताबद्दल फार लिहीत नाही. ‘गोहान’ या एकाच शब्दाचा अर्थ भात असाही होतो आणि जेवण असाही, एवढे पुरे.

जेवणापूर्वी बाईंनी ओट्याखालून एक झाकणाचे भांडे काढले. आत ओला, आंबूस वासाचा कोंडा. तांदळाचा कोंडा, मीठ आणि पाणी यांच्या या ‘नुका’त काकडी, वांगी, मुळा पुरून ठेवायचे, एक-दोन दिवसांत लोणचे तयार. हा कोंडा रोज हाताने तळापासून वर-खाली करावा लागतो, नाहीतर बिघडतो. बाईंना तो सासूबाईंकडून मिळाला होता. सासूबाईंना त्यांच्या सासूकडून. त्यात भर घालायची, पण तो कधी टाकून द्यायचा नाही.

“गावाला गेलात तर?” सौ.ने विचारले. हा प्रश्न मीच भाषांतरित केला. मीठ पसरून थंड कपाटात, किंवा शेजारणीकडे. सौ. हसली. इंदूरहून निघताना तिने विरजणाची वाटी समोरच्या काकूंकडे ठेवली होती, रोज लावायला सांगून. ते विरजण तिच्या आईच्या घरचे, ग्वाल्हेरहून आलेले.

मग तिने दुसरा प्रश्न विचारला, तो मी जरा अडखळत भाषांतरित केला. हे पुढे कोणाकडे जाणार? बाईंची एक मुलगी तोक्योत नोकरी करते. खोली लहान, कामावरून परत यायला रात्र होते, आणि कोंड्याला वास येतो. “नको म्हणाली,” बाई म्हणाल्या, आणि काकडी पुसून चिरू लागल्या. त्या स्वरात तक्रार नव्हती. पण पाटीवर सुरी किंचित जोराने पडत होती. दर आठवड्याला दूरदूरचे लोक येऊन हा कोंडा हाताळून पाहतात, छायाचित्रे घेतात. घरचे माणूस मात्र घेत नाही. सौ.ने यावर काही विचारले नाही. तिने बाही वर सारली, भांड्यात कोपरापर्यंत हात घातला आणि त्या दिवसापुरता कोंडा वर-खाली करून दिला.

इंदूरला परतल्यावर तिने पहिल्यांदा काकूंकडून विरजण आणले. जूनमध्ये गव्हाचा कोंडा चाळून, मीठ-पाणी घालून एक बरणी लावली. सुरुवातीला कोबीची पाने पुरून टाकून दिली, बाईंनी सांगितले होते तशी. आपल्याकडच्या उकाड्यात ती दिवसातून दोनदा हलवावी लागते. काकडी बरी झाली. मुळा अजून जमलेला नाही. परवा ओसाकाहून चिरंजीवाचा फोन आला, तेव्हा तो आईला विचारीत होता की दुकानातल्या दह्याचे विरजण चालेल का, आणि दूध किती कोमट असावे. “बोट घालून बघ,” सौ. म्हणाली, “दहा मोजेपर्यंत ठेवता आले पाहिजे.”