विचारशक्तीची तहकीकात

उन्हाळ्याच्या सुट्टीत भंडाऱ्यास आलेल्या माझ्या भाच्याच्या हाती एक अद्भुतकथा होती. तीतल्या कल्पित राज्यात विद्वानांची एक श्रेणी असून, विचारांची ऊर्जा मोजणे, ती साठविणे आणि दूरस्थ माणसापर्यंत पोचविणे हाच तिचा पिढीजात व्यवसाय. "मामाजी, असे लोक खरेच कुठे होते का?" असा त्याचा सवाल आला, तेव्हा मी "होते" म्हणालो आणि हान्स बर्गर नावाच्या जर्मन वैद्याची हकीकत त्याला सांगू लागलो.

ऐन तारुण्यात लष्करी कवायतीच्या वेळी हा बर्गर घोड्यावरून तोफगाड्याच्या पुढ्यात पडला आणि केवळ दैवानेच वाचला. त्याच दिवशी सायंकाळी वडिलांची तार आली. कारण दूर गावी असलेल्या बहिणीला, भावावर काही संकट कोसळले आहे, असे एकाएकी वाटून तिने वडिलांस तार करावयास लावली होती. आपल्या भयाकुल मनातून निघालेली काही शक्तीच बहिणीपर्यंत गेली असली पाहिजे, या एका समजुतीपायी त्याने गणित आणि खगोलशास्त्र सोडून वैद्यक धरले, येना येथील मनोरुग्णालयात उमेद खर्ची घातली, आणि 1924 साली माणसाच्या मस्तकावर विद्युताग्रे लावून मेंदूतील विजेची पहिली नोंद मिळविली. ती नोंद खरी की यंत्राची लबाडी, याची खातरजमा करण्यात पाच वर्षे गेली. निबंध निघाला तो 1929 साली. सापडले काय? सेकंदाला सुमारे दहा वेळा हेलकावणारी एक लहर, जिचे बळ व्होल्टाच्या एका क्षुल्लक अंशाएवढे, म्हणजे कवटीबाहेर टिपतानाही यंत्राची दमछाक व्हावी इतके अल्प. ती परगावच्या बहिणीपर्यंत जाणे अशक्यच. ज्या प्रश्नासाठी आयुष्य वेचले तो तसाच राहिला. आणि आज फेफऱ्याच्या रोग्याची जी मेंदूची आलेखतपासणी होते, ती मात्र या फसलेल्या शोधाची मिळकत आहे.

योगायोग असा की, त्याच 1924 साली लोणावळ्यास स्वामी कुवलयानंदांनी कैवल्यधामाची स्थापना केली आणि 'योगमीमांसा' हे त्रैमासिक सुरू केले. पूर्वाश्रमीचे जगन्नाथ गणेश गुणे हे स्वतः योगाचे निष्ठावंत उपासक. तरीही उड्डियान आणि नौली या क्रिया त्यांनी क्ष-किरणांपुढे उभ्या केल्या, त्या वेळी उदरातील दाब किती उतरतो हे मोजले, आणि प्राणायामाने शरीरात अधिक प्राणवायू शोषला जातो ही योगप्रेमी मंडळींची अत्यंत लाडकी समजूत, प्रयोगात न टिकल्यामुळे, निःसंकोचपणे अमान्य केली. आपल्याच पक्षाचा साक्षीदार खोटा ठरविण्याची ही हिंमत मला कोणत्याही सिद्धीहून दुर्मिळ वाटते. लंडनच्या सायकिकल रिसर्च सोसायटीतही (स्थापना 1882) विचारसंक्रमणावर विश्वास ठेवणारे सभासद कमी नव्हते. पण तिचा हॉजसन हा प्रतिनिधी मद्रासजवळ अड्यारला येऊन थिऑसॉफिस्टांच्या 'महात्म्यांच्या' चमत्कारिक पत्रांची चौकशी करून गेला आणि 1885 च्या अहवालात ती पत्रे बनावट ठरविण्यात आली.

आमच्या वैनगंगेकाठी या विद्येचा वारसा त्याहून पुष्कळ जुना आहे. पाच नद्यांच्या संगमावरील आंभोऱ्यास, शके 1110 मध्ये, मुकुंदराजांनी 'विवेकसिंधु' रचला असे या बाजूचे लोक मानतात. अंबाजोगाईकरांचाही त्यावर दावा आहे, आणि ती फिर्याद निकाली काढण्याचा अख्त्यार माझ्याकडे नाही. ग्रंथ कोणत्या घाटावर झाला यापेक्षा, आत्मस्वरूपासारखा गहन विषय त्यांनी मराठीत मांडला, ज्याला कळेल त्याने तो तपासावा अशा उघड्या जागी आणून ठेवला, हे मला महत्त्वाचे वाटते. आज मनाच्या शक्तीचा व्यापार चालतो तो दार लावून.

'मिडब्रेन ॲक्टिव्हेशन' या नावाने मुलांचे जे वर्ग सुट्टीत भरतात, त्यांपैकी एकाच्या प्रात्यक्षिकास मी एकदा गेलो होतो. डोळ्यांवर पट्टी बांधलेली मुले पत्त्यांचे रंग ओळखीत होती आणि पालक अभिमानाने टाळ्या वाजवीत होते. पट्टीखाली मुलाच्या डोळ्यांवर कणकेचा लेप द्यावा, एवढी विनंती मी केली. तेव्हा अश्रद्धांच्या सान्निध्यात ऊर्जा मंदावते, असा जबाब मिळाला. वास्तविक मध्यमेंदू हा काही कुलूपबंद तळघर नव्हे, की कुणी फी घेऊन त्याची किल्ली फिरवावी. डोळ्यांची हालचाल आणि जागेपणा राखणारा तो भाग बंद असता तर ती बालके त्या सभागृहात बेशुद्ध पडलेली दिसली असती.

2013 चा जादूटोणाविरोधी कायदा आपल्या राज्यात आहे, परंतु दर खेपेस पोलीस ठाणे गाठण्याची मला हौस नाही. माझा अर्ज मुख्याध्यापकांस आणि शाळा व्यवस्थापन समित्यांस आहे. अशा वर्गांना शाळेची खोली देण्यापूर्वी पालकांच्या समक्ष एक चाचणी घ्यावी: पत्ते आपल्या घरचे, कणीक आपली, पट्टी बांधणारे हात आपल्या विज्ञानशिक्षकांचे, आणि निकाल, तो कसाही लागो, फलकावर लेखी. ज्यांच्यापाशी विद्या आहे त्यांचे यात काहीही नुकसान नाही. कणकेचा खर्च शाळेस झेपण्यासारखा आहे.

हे सारे मी भाच्याला ऐकवीत होतो, तेवढ्यात त्याने माझा पंचा डोळ्यांवर आवळून बांधला, हनुवटी किंचित वर केली आणि समोरच्या वर्तमानपत्राचा ठळक मथळा घडाघडा वाचून दाखविला. मी थक्क झालेला पाहून तो हसला, आणि नाकाच्या शेंड्याशी बोट नेत म्हणाला, "इथून दिसते, मामाजी."