बर्फपार्वती आणि सात भांडीं

यंदाच्या वार्षिकांकासाठीं आलेल्या लेखांत आमच्या एका विद्यार्थ्याचा ‘हिमगौरी आणि सात बुटके’ ह्या सचेतन चित्रपटावरील, म्हणजे ॲनिमेशनपटावरील, लेख होता. वॉल्ट डिस्ने ह्यांच्या संस्थेचा हा पहिला पूर्ण लांबीचा सचेतन चित्रपट २१ डिसेंबर १९३७ रोजीं लॉस एंजेलिस येथें प्रथम दाखविण्यांत आला. लेख वाचूं लागलों, तों पहिल्याच ओळींत ‘बर्फपार्वती’ भेटली! पुढें ‘पात्रें’ जाऊन त्यांच्या जागीं ‘भांडीं’ आलेलीं, आणि ‘रुपेरी पडद्या’चा ‘चंदेरी बुरखा’ झालेला.

छापील लेख समोर ठेवावयाचा आणि उचलेगिरी ओळखूं येऊं नये म्हणून शब्दागणिक समानार्थी शब्द बसवावयाचा, हें काम हल्लीं संगणक क्षणांत करून देतो. ह्या मुलानें तें तीन रात्री जागून, आपल्या वहीवरून केलें होतें. शिक्षकांच्या खोलींत आम्ही मनमुराद हंसलों; मग मात्र मला लाज वाटली. ती वही मींच भरून घेतली होती. पात्र म्हणजे भांडें, हें मींच फळ्यावर लिहिलें होतें. कोणत्या वाक्यांत, तें सांगावयाचें राहिलें.

कोणी म्हणेल, वाक्यें तर नवीं झालीं, मग चोरी कसली? मला हें मान्य नाहीं. कोणती गोष्ट आधीं सांगावी, कोणती गाळावी, कोठें थांबावें, ही खरी मेहनत. ती मूळ लेखकाचीच राहिली. बिघडला तो अर्थ.

वाचकहो, ह्याच चित्रपटाच्या निर्मितींतील एक हकीकत पाहा. हिमगौरीच्या हालचालींसाठीं मार्जरी बेल्चर नांवाच्या नर्तकीकडून अभिनय करवून त्याचें चित्रीकरण केलें होतें. परंतु अशा चित्रफितीवरून नुसत्या रेषा गिरविल्या, तर आकृति ताठर दिसते. म्हणून चित्रकार हालचाल समजून घेत, शरीराचीं प्रमाणें बदलीत आणि मग चित्र काढीत. पडद्यावर दर सेकंदास २४ चौकटी सरकतात. लागोपाठचीं दोन चित्रें जवळजवळ सारखींच. पण दुसऱ्यांत हात केसभर पुढें गेलेला असतो. आमच्या विद्यार्थ्याच्या लेखांत सगळें बदललें होतें, आणि पुढें कांहींच सरकलें नव्हतें.

त्याला बोलावून विचारलें, “अरे, चित्रपट पाहिलास तरी काय?”

“होय सर, धाकट्या बहिणीबरोबर.” राणी म्हातारीचें रूप घेते, त्या वेळीं बहिणीनें त्याच्या सदऱ्यांत तोंड खुपसलें होतें. भीति त्यालाहि वाटली होती. पण बहिणीसमोर कबूल कसें करणार!

“मग हें कां लिहिलें नाहींस?”

“सर, असलें लेखांत चालतें, हें मला ठाऊक नव्हतें.”

त्याच्याच परवानगीनें हें लिहीत आहें. त्याचा नवा लेख ह्याच अंकांत आहे. तो जेमतेम एक पानाचा आहे. ऱ्हस्वदीर्घ मीं सुधारलें. शब्द एकहि बदलला नाहीं.