पैलतीराची सहल

हिवाळा लागला की शाळाशाळांतून सहलींचे बेत सुरू होतात. तीन दिवसांत सात गावे, चार दिवसांत नऊ गावे, अशी गावांची गणती जितकी मोठी तितकी सहल मोठी, असे मानण्याची रीत पडली आहे. रात्रभर गाडीत पेंगत जावे, पहाटे एखाद्या किल्ल्याच्या पायथ्याशी उतरावे, दुपारी देऊळ पाहावे, सायंकाळी समुद्रकाठी धावावे आणि थकूनभागून घरी परतावे. आईने "काय काय पाहिलेस?" असे विचारले की मुलाला गावांची नावे क्रमाने आठवतात, त्या गावांत काय होते, ते मात्र आठवत नाही. सहलीचे मोल तिने किती वाट तुडवली यावरून ठरवू नये. परत आलेल्या मुलाला काय सांगता येते, यावरून ते ठरवावे. या कसोटीला लावून पाहिले, तर बीड जिल्ह्यातील शाळांसाठी एक लहानशी सहल पुष्कळ मोठ्या सहलींहून सरस ठरेल. जाणत्या वाटाड्याला बरोबर घेऊन, नावेने गोदावरी ओलांडून, एका दिवसात केलेली पैठणची सहल, ही ती सहल होय.

बीड जिल्ह्याची उत्तर सीमा नकाशावर पाहिली, तर तेथे एक निळी रेषा दिसते. ती गोदावरी. त्र्यंबकेश्वराजवळ ब्रह्मगिरीवर ती उगम पावते. तेथून अरबी समुद्र सुमारे ८० किलोमीटर अंतरावर आहे. परंतु ही नदी त्याच्याकडे पाठ फिरवते आणि सुमारे १,४६५ किलोमीटर वाहत जाऊन बंगालच्या उपसागराला मिळते. गेवराई आणि माजलगाव या तालुक्यांतील कितीतरी गावे तिच्या काठी वसली आहेत. असे असूनही जिल्ह्यातील बहुतेक मुलांना ही नदी माहीत असते ती पुलावरून. गेवराईहून छत्रपती संभाजीनगरकडे निघालेली गाडी शहागडच्या पुलावर चढते, कोणी हात जोडतो, कोणी खिडकीतून नाणे टाकतो, आणि क्षणार्धात नदी मागे पडते. पुलाने माणसाची मोठी सोय केली, यात संशय नाही. पावसाळ्यात अडलेला रुग्ण, बाजाराला निघालेला शेतकरी, परीक्षेला निघालेला विद्यार्थी, हे सारे पुलाचे ऋणी आहेत. परंतु नदी किती रुंद आहे, तिच्या पोटात ओढ किती आहे, वारा उलटा वाहू लागला म्हणजे काय होते, यांतले काहीच पूल सांगत नाही. हे सांगते ती नाव.

माणसांना या तीरावरून त्या तीरावर नेणाऱ्या नावेला मराठीत 'तर' असा एक जुना शब्द आहे. कोकणात खाड्यांच्या काठी तो आजही ऐकू येतो. पूल होण्यापूर्वी देशावरच्या मोठ्या नद्याही माणसे अशीच ओलांडीत. उन्हाळ्यात पाण्यातून पायउतार मिळे. पावसाळ्यात नावाड्याच्या होकाराची वाट पाहत तीरावर बसावे लागे. लग्नाची वऱ्हाडे, वारीच्या दिंड्या, कापसाचे गठ्ठे, सारे नावाड्याच्या शब्दावर थांबत आणि त्याच्या शब्दावर निघत. ही गोष्ट पुस्तकात वाचून पटत नाही. दहा मिनिटे नावेत बसले की पटते.

इतिहास समजण्यासही हा अनुभव उपयोगी पडतो. गेवराई तालुक्यात गोदावरीच्या काठी राक्षसभुवन हे गाव आहे. १० ऑगस्ट १७६३ रोजी तेथे पेशवे आणि निजाम यांची लढाई झाली. पेशवा माधवराव त्या वेळी अवघा १८ वर्षांचा होता. निजामअली आपल्या सैन्याच्या एका भागासह नदीपार झाला होता आणि त्याचा दिवाण विठ्ठल सुंदर उरलेल्या फौजेनिशी दक्षिण तीरावर राहिला होता. मध्ये भर पावसाळ्यातली गोदावरी होती. मराठ्यांनी नेमकी हीच संधी साधली. विठ्ठल सुंदर लढाईत मारला गेला, आणि पलीकडच्या सैन्याला त्याच्या मदतीला येता आले नाही. "नदीमुळे सैन्याचे दोन भाग झाले" हे वाक्य मुले पाठ करतात आणि परीक्षेत लिहितात. ज्या मुलाने भरल्या पात्रातून नावेने प्रवास केला आहे, त्याला मात्र त्या वाक्याचा अर्थ अंगावर शहारा आणून कळतो. पलीकडचा तीर डोळ्यांना दिसतो, तेथली माणसेही दिसतात, परंतु आपल्याला हवे त्या क्षणी तेथे पोहोचता येत नाही.

नावेची आणखी एक शिकवण आहे. वर्गात एखादा मुलगा बेशिस्त वागला, तर त्याचा त्रास त्याला आणि फार तर शेजाऱ्याला होतो. नावेत एकाच बाजूला सगळे धावले, तर सगळेच बुडतात. तेथे श्रीमंताचा मुलगा आणि मजुराचा मुलगा, हुशार आणि सामान्य, असा भेद पाण्याला कळत नाही. एकाच्या उतावळेपणाची किंमत सर्वांना द्यावी लागते, आणि एकाच्या संयमाचा लाभ सर्वांना मिळतो. नागरिकशास्त्राच्या पुस्तकात जे अनेक पानांत सांगावे लागते, ते नाव एका हेलकाव्यात सांगते.

याच कारणासाठी ही सहल काढणाऱ्यांनी हौसेला सावधपणाचा लगाम घातला पाहिजे. १५ सप्टेंबर २०१९ रोजी याच गोदावरीत, आंध्र प्रदेशातील कच्चुलुरू गावाजवळ, पर्यटकांची एक मोठी बोट उलटली आणि सुमारे ५० माणसे प्राणास मुकली. नदीला तेव्हा पूर होता. अशा घटना ऐकून नावेचे नावच टाकणे बरोबर नाही. मात्र त्या विसरणे हा अक्षम्य गुन्हा ठरेल. नाव परवान्याची असावी. तिच्यात ठरलेल्याहून एकही माणूस अधिक घेऊ नये. प्रत्येकाच्या अंगात तरंगण्याचे जाकीट असावे आणि ते नीट बांधलेले असावे. नावाड्याने "आज नको" म्हटले, तर मुख्याध्यापकांनीही वाद घालू नये. पैठणच्या खाली गोदावरीच्या पात्रात पाणी किती असेल, हे धरणातून सोडलेल्या पाण्यावर आणि खालच्या बंधाऱ्यांवर अवलंबून असते. यास्तव आधी चौकशी करावी. जेथे पुरेसे पाणी, चांगली नाव आणि जाणता नावाडी आहे, तेथेच गाडी दक्षिण तीरावर थांबवून पुढला टप्पा नावेने करावा. यांतील एकाचीही उणीव असेल, तर सरळ पुलावरून जावे आणि नदी काठावर बसून पाहावी. त्यात कमीपणा मुळीच नाही.

आता वाटाड्याविषयी. वाटाडे दोन प्रकारचे असतात. पहिला पाठ केलेली माहिती घडाघडा म्हणतो आणि "चला पुढे" असे सांगतो. दुसरा एका जागी थांबतो, बोट दाखवतो आणि विचारतो, "हे येथे का असेल बरे?" शाळेने दुसऱ्या प्रकारचा वाटाडा शोधावा. तो पदवीधर असलाच पाहिजे असे नाही. नदीचे वळण जाणणारा नावाडी, मागावर बसलेला विणकर, कालव्याच्या पाण्याची पाळी सांभाळणारा कर्मचारी, हे सारे आपापल्या विषयाचे उत्तम वाटाडे होत.

असा वाटाडा नसेल, तर पैठण हे डोळ्यांना इतर गावांसारखेच एक गाव दिसते. घाट, देवळे, दुकाने, अरुंद गल्ल्या. वाटाडा बोलू लागला म्हणजे त्याच मातीतून प्रतिष्ठान नगरी उभी राहते. सुमारे २,००० वर्षांपूर्वी ही सातवाहन राजांची राजधानी होती. इसवी सनाच्या पहिल्या शतकात ग्रीक भाषेत लिहिलेल्या 'पेरिप्लस' या सागरप्रवासाच्या ग्रंथात पैठणचा आणि तगर नगराचा उल्लेख आहे. पैठण हे भडोच बंदराच्या दक्षिणेस वीस दिवसांच्या वाटेवर, आणि तगर तेथून पूर्वेस दहा दिवसांच्या वाटेवर, असे त्यात म्हटले आहे. हे तगर म्हणजे आजच्या धाराशिव जिल्ह्यातील तेर. नकाशावर तेर आणि पैठण या दोन गावांना जोडणारी सरळ रेषा काढली, तर ती बीड जिल्ह्यातून जाते. तेरचे कापड आणि पैठणचे रंगीत खडे गाड्यांतून भडोचला जात आणि तेथून समुद्रापार होत. ज्या मुलाला आपला मुलूख जगापासून दूर कोपऱ्यात पडलेला आहे असे वाटते, त्याने ही रेषा स्वतःच्या हाताने काढून पाहावी.

घाटावर उभे राहून वाटाड्याने नदीच्या वाळवंटाकडे बोट दाखवावे. सोळाव्या शतकात संत एकनाथ याच गावी राहत. अस्पृश्य मानल्या गेलेल्या एका कुटुंबातील लेकरू भर दुपारी तापलेल्या वाळूत रडत होते. नाथांनी त्याला उचलून कडेवर घेतले आणि त्याच्या घरी पोहोचवले, अशी कथा सांगतात. ही कथा पुष्कळांनी ऐकलेली असते. परंतु दुपारच्या वाळूला क्षणभर तळहात लावून पाहिल्यावर ती निराळी वाटते. त्या काळी वाळूहूनही अधिक तापलेला होता तो लोकांचा रोष. तो सोसण्याचे धैर्य नाथांनी दाखवले.

पुढे पैठणीचा माग पाहावा. खऱ्या हातमागाच्या पैठणीच्या पदरावरील नक्षी उलट आणि सुलट अशा दोन्ही बाजूंनी सारखीच दिसते, हे मुलांनी आपल्या डोळ्यांनी तपासावे, आणि एका वितीला किती वेळ लागतो हे विणकरालाच विचारावे.

शेवटी धरण. १९६५ साली त्याची पायाभरणी झाली आणि १९७६ साली ते पूर्ण झाले. सुमारे १० किलोमीटर लांबीच्या या धरणाला २७ दरवाजे आहेत, आणि त्याच्या जलाशयाला नाथसागर म्हणतात. धरण पैठणला असून त्याचे नाव जायकवाडी का, हा प्रश्न वाटाड्याने मुलांना खचित विचारावा. हैदराबाद राज्याच्या काळात हे धरण बीड जिल्ह्यातील जायकवाडी गावापाशी बांधावे असा विचार होता. पुढे जागा बदलली; नाव मात्र राहिले. याच धरणाचा उजवा कालवा माजलगावच्या जलाशयापर्यंत येतो. म्हणजे या काठावरच्या कित्येक शेतांतील ओल पैठणहून आलेली आहे. त्याचबरोबर, या पाण्याखाली अनेक गावांची घरे आणि शेते गेली, हेही मुलांना सांगितले पाहिजे. देणे आणि घेणे अशा दोन्ही बाजू सांगतो, तोच प्रामाणिक वाटाडा.

या सहलीवर कोणी आक्षेप घेतील, "पैठण तर जवळच आहे, तेथे केव्हाही जाता येईल." परंतु जे केव्हाही पाहता येते, ते पुष्कळदा जन्मभर पाहायचे राहून जाते. दूरच्या मोठ्या शहरांची ओढ स्वाभाविक आहे. ती शहरेही पाहावीत. मात्र ज्याला शेजारचे गाव पाहण्याची सवय लागली, त्यालाच दूरचे शहर नीट पाहता येते.

या प्रश्नाला आणखी एक बाजू आहे, आणि तीच सर्वांत महत्त्वाची. बीड जिल्ह्यातून दर वर्षी दसऱ्यानंतर ऊसतोड मजुरांच्या टोळ्या कोयते आणि संसार घेऊन पश्चिम महाराष्ट्राकडे आणि कर्नाटकाकडे निघतात. पुष्कळांची मुलेही त्यांच्याबरोबर जातात. ही मुले शेकडो किलोमीटर प्रवास करतात, अनेक नद्या ओलांडतात, पण त्यांना नदीचे नाव सांगायला कोणी नसते. उसाच्या फडाजवळच्या कोपीत त्यांचा हिवाळा सरतो. इकडे शाळेच्या सहली निघतात त्या नेमक्या त्याच हिवाळ्यात. ज्या मुलाच्या वाट्याला प्रवास सर्वांत अधिक येतो, त्याच्याच वाट्याला सहल येत नाही. हा अन्याय कोणी मुद्दाम करीत नाही. परंतु तो होतो, आणि तो टाळणे शाळेच्या हाती आहे. पावसाचा जोर ओसरून पूर उतरला की, टोळ्या निघण्यापूर्वीचा एखादा दिवस सहलीसाठी निवडावा. त्या दिवसांत पुराचा भरवसा नसतो. म्हणून एक दिवस ठरवताना दुसरा राखून ठेवावा. सहल एका दिवसाची आणि जवळची असल्याने खर्च थोडा येतो. ज्याला तोही जड जाईल, त्याचा भार गावाने उचलावा. पटावरचे एकही मूल पैशावाचून वा हंगामापायी मागे राहू नये.

अशा सहलीहून परतलेल्या प्रत्येक मुलाने दुसऱ्या दिवशी एक पान लिहावे: काय पाहिले, कोणाला काय विचारले, आणि कोणत्या प्रश्नाचे उत्तर मिळायचे राहिले. ते राहिलेले प्रश्न शाळेने जपून ठेवावेत आणि पुढल्या वर्षीच्या मुलांच्या हाती द्यावेत. फडावर गेलेल्या मुलाने आपले पान बरोबर न्यावे. वाटेत कृष्णा लागेल, भीमा लागेल. त्या नद्यांचे पाणी कोठून येते आणि कोठे जाते, हे विचारायला तो आता शिकला असेल. आणि कोपीतल्या धाकट्या भावंडांना तोच वाटाड्या होईल.