भूतानच्या भट्ट्यांचे हिवाळी गणित

भारत-भूतान सीमेवरील फुंटशोलिंग शहराजवळ पासाखा ही औद्योगिक वसाहत आहे. तेथील विद्युत भट्ट्यांमधून निघणारे फेरोसिलिकॉन ट्रकांतून भारतात येते आणि पोलाद कारखान्यांत वापरले जाते. भूतान भारताला वीज विकतो, हे सर्वांना ठाऊक आहे. मात्र विजेखालोखाल या देशाच्या निर्यातीत फेरोसिलिकॉनने बरीच वर्षे अग्रस्थान राखले आहे, याची फारशी दखल घेतली जात नाही. साडेसात लाखांच्या आसपास लोकसंख्या असलेल्या या देशाला औद्योगिक भट्टी म्हणजे डोंगरातले पाणी धातूच्या रूपाने विकण्याचे साधन वाटत आले. गेल्या काही वर्षांत मात्र हे गणित हिवाळ्यापुरते उलटे होऊ लागले आहे.

वीज हाच कच्चा माल

भारताच्या मदतीने उभारलेला ३३६ मेगावॉटचा चुखा जलविद्युत प्रकल्प १९८६ ते १९८८ या काळात कार्यान्वित झाला आणि भूतानमध्ये वीजप्रधान उद्योगांचा पाया घातला गेला. गारेचा दगड, लोणारी कोळसा, कोक आणि लोखंडी भंगार विद्युत भट्टीत घालून सुमारे दोन हजार अंश सेल्सियसपर्यंत तापविले की फेरोसिलिकॉन तयार होते. त्याच्या एका टनासाठी साधारण साडेआठ हजार युनिट वीज खर्च होते. जालन्यासारख्या ठिकाणी इंडक्शन भट्टीत भंगार वितळवून एक टन पोलाद तयार करण्यास जेवढी वीज लागते, तिच्या दहापटीहून ही अधिक आहे. विजेच्या दरात युनिटमागे एक रुपयाची वाढ झाली तर टनामागे उत्पादनखर्च साडेआठ हजारांनी चढतो. म्हणूनच स्वस्त वीज असेल तेथे हा उद्योग जातो. नॉर्वे, आइसलँड आणि भूतान या तिन्ही देशांत तो रुजला, त्याचे कारण हेच.

भट्टीची किंमत

भट्ट्यांसाठी लागणारी बहुतांश यंत्रसामग्री भूतानला बाहेरून, प्रामुख्याने भारतातून आणावी लागते. उभय देशांमध्ये मुक्त व्यापार आहे आणि भूतानचे न्गुल्ट्रम हे चलन रुपयाशी समान दराने बांधलेले आहे. त्यामुळे सीमाशुल्क आणि विनिमयदर यांचा अडसर राहत नाही. मात्र अशा छोट्या देशाच्या व्यापाराचे आकडे जपून वाचावे लागतात. एखाद्या वर्षी दोन-तीन कारखान्यांनी एकदम भट्ट्या मागविल्या की आयात उसळते आणि पुढील वर्षी ती कोसळलेली दिसते. त्यावरून तेजी किंवा मंदीचा निष्कर्ष काढणे धोक्याचे ठरते.

किमतीचा कल मात्र स्पष्ट आहे. विद्युत भट्टीच्या खर्चात ट्रान्सफॉर्मर, तांब्याचे वाहक, उष्णतारोधक विटांचे अस्तर आणि धूर गाळणारी यंत्रणा यांचा वाटा मोठा असतो. लंडनच्या धातुबाजारात मे २०२१मध्ये तांब्याने टनाला १० हजार डॉलरची पातळी ओलांडली आणि मे २०२४मध्ये ११ हजारांचीही. त्याच काळात जगभर ट्रान्सफॉर्मरची टंचाई जाणवू लागली. पासाखातील हवेच्या प्रदूषणाबद्दलच्या तक्रारीही जुन्या आहेत. त्यामुळे धूर गाळण्यावरील खर्च टाळता येण्यासारखा नाही. थोडक्यात, नवी भट्टी उभारणे महाग झाले आहे आणि गुंतवलेला पैसा वसूल होण्यासाठी ती बाराही महिने चालविण्याचा दबाव वाढला आहे.

तेजी आली आणि गेली

या दबावाला खतपाणी घातले ते २०२१मधील तेजीने. चीनने त्या वर्षी वीजटंचाईमुळे आपल्या कारखान्यांवर निर्बंध आणले आणि ऑक्टोबरमध्ये तेथील बाजारात फेरोसिलिकॉनचे भाव विक्रमी पातळीवर पोहोचले. भूतानच्या उत्पादकांना त्याचा लाभ झाला. पुढे चीनमधील उत्पादन पूर्ववत होताच भाव उतरले. भूतानचे ग्राहक भारतात असले, तरी भाव मात्र चीनमध्ये ठरतो, हे यातून पुन्हा सिद्ध झाले.

भाव उतरत असतानाच दुसरी अडचण उभी राहिली. भूतानचे प्रकल्प प्रामुख्याने वाहत्या पाण्यावर चालतात; मोठे साठे नाहीत. पावसाळ्यात वीज ओसंडून वाहते आणि डिसेंबर ते मार्च या काळात नद्या आटल्या की निर्मिती क्षमतेच्या पाचव्या हिश्शाच्या आसपास येते. उलट मागणी मात्र वाढत गेली. नव्या भट्ट्या आल्या, मोटंगासारख्या नव्या औद्योगिक वसाहती झाल्या आणि सरकारी गुंतवणूक कंपनीने बिटकॉइन निर्मितीसाठीही वीज वळविली. परिणामी जानेवारी २०२२पासून भूतान हिवाळ्यात भारताच्या ऊर्जा विनिमय बाजारातून वीज खरेदी करू लागला.

येथेच खरा पेच आहे. मांगदेछू प्रकल्पाची वीज भारताला विकण्याचा दर २०१९मध्ये युनिटमागे ४ रुपये १२ पैसे ठरला. त्या दराने साडेआठ हजार युनिट निर्यात केले तर सुमारे ३५ हजार रुपये मिळतात. तीच वीज भट्टीत घातली तर सर्वसाधारण वर्षी लाखाच्या आगेमागे भाव असलेले एक टन फेरोसिलिकॉन मिळते. त्यातून कोळसा, भंगार आणि इतर खर्च वजा केला, तरी पावसाळ्यात हा व्यवहार फायद्याचा ठरतो आणि वर रोजगारही मिळतो. हिवाळ्यात चित्र पालटते. भारतीय विनिमय बाजारात एप्रिल २०२३पासून युनिटला १० रुपयांची कमाल मर्यादा लागू झाली. टंचाईच्या तासांत भाव तेथवर चढला तर एका टनाची केवळ वीज ८५ हजारांना पडते. जुलैत परकीय व्यापारात कमाई करून देणारी भट्टी जानेवारीत तोट्याची होते.

हा तोटा कोण सोसतो, हा प्रश्न त्याहून महत्त्वाचा आहे. कारखान्याला वर्षभर एकच दर लावला तर त्याला हिवाळ्याची महागाई जाणवत नाही. ती सरकारी वीज कंपनीच्या, म्हणजे अखेरीस सामान्य नागरिकांच्या माथी येते. आयातीचे पैसे रुपयांत मोजावे लागतात आणि रुपयांची चणचण काय करू शकते, याचा अनुभव भूतानने २०१२मध्ये घेतला आहे. तेव्हा बँकांमधून रुपये मिळणेही दुरापास्त झाले होते.

साठ्याचा प्रश्न

भट्ट्या हिवाळ्यात सरसकट बंद ठेवा, असे म्हणणे सोपे आहे. प्रत्यक्षात चालू भट्टी अचानक थांबविली तर आतील माल गोठतो आणि इलेक्ट्रोड व अस्तर यांची हानी होते. परंतु अस्तर बदलण्यासारखी मोठी दुरुस्ती नियोजनपूर्वक हिवाळ्यात घेता येते. तसेच ऋतूनुसार वेगळा वीजदर लावल्यास कारखान्यांना आपले उत्पादन उन्हाळा-पावसाळ्यात वाढविण्याचे कारण मिळेल.

वाढीव क्षमतेने हा प्रश्न आपोआप सुटेल, ही समजूतही तपासून घ्यावी लागेल. नोव्हेंबर २०२५मध्ये १,०२० मेगावॉटच्या पुनातसांगछू-२ प्रकल्पाचे उद्घाटन झाले. मुंबईच्या टाटा पॉवरने २०२४मध्ये ६०० मेगावॉटच्या खोरलोछू प्रकल्पात ४० टक्के भागीदारी घेण्याचे ठरविले. यांतून हिवाळ्यातही काही वीज निश्चित मिळेल. पण पाणी साठविण्याची सोय नसेल, तर पावसाळ्यातील अतिरिक्त वीज आणि हिवाळ्यातील तूट यांमधील दरी कायम राहील. तोवर भूतानमध्ये नव्या भट्टीला परवाना देताना तिची किंमत किती, यापेक्षा जानेवारीत तिला वीज कोठून मिळणार आणि तिचे पैसे कोण भरणार, हे आधी विचारले गेले पाहिजे.